साखरपाण्याची बाटली

अर्विड सोलबर्गला कुणाची तरी थट्टा केल्याशिवाय घास उतरत नसे. सिअ‍ॅटलसमोरच्या एका बेटावरून सुटणाऱ्या फेरीबोटीच्या इंजिनखोलीत त्याच्याबरोबर आयुष्य काढलेली माणसं अजून रस्त्यात भेटली की म्हणायची, अर्विड निवृत्त झाल्यापासून बोट नुसती चालते, हसत नाही. त्यांचं बरोबर होतं. पण त्यांना तो पाळीपुरता मिळायचा. लॉर्नाला तो जन्माचा मिळाला होता, आणि त्याच्या थट्टेतला निम्मा वाटा तिच्या हमिंगबर्डांना जायचा.

"साखर संपली? मग तुझ्या माशांना पाठव की दुकानात. पंख आहेत ना त्यांना?"

"मधमाशी जरा फुगवली की तिला पक्षी म्हणायचं, हे कुठल्या शाळेत शिकलीस?"

"दात नाहीत म्हणून वाचल्यात बिचाऱ्या, नाहीतर सगळ्यांचे किडले असते."

लॉर्ना ऐकून घ्यायची आणि साखर ढवळायची. एक कप साखर, चार कप पाणी, ना रंग, ना मध. स्वयंपाकघराच्या खिडकीबाहेर, परसातल्या लाकडी ओट्यावर, लाल बुडाची काचेची बाटली वर्षभर टांगलेली असे. उन्हाळ्यात कुणीही टांगतं, त्यात काही विशेष नाही. खरी परीक्षा हिवाळ्यात. अंगठ्याएवढे हे पक्षी दक्षिणेला न जाता बेटावरच राहतात, कारण कुणीतरी बाटली भरतंय याची त्यांना खात्री पटलेली असते. म्हणून बेटावरचा एक न लिहिलेला कायदा आहे: एकदा थंडीत बाटली लावली की मध्येच काढायची नाही. गावाला जायचं असेल तर शेजाऱ्यावर सोपवून जायचं. नवरा उपाशी राहिला तर बेटावर लोक हसतील, पण जानेवारीत बाटली रिकामी दिसली तर बायका रस्त्यात बोलायच्या बंद होतात.

त्या जानेवारीत लॉर्नाच्या हृदयाची झडप बदलायची ठरली. पाण्यापलीकडे सिअ‍ॅटलच्या इस्पितळात, पुष्कळ दिवस. एरवी शेजारच्या ग्लेनिसनं बाटली सांभाळली असती, पण ग्लेनिस मुलीकडे अ‍ॅरिझोनात ऊन खायला गेलेली. राहिला अर्विड.

निघायच्या आदल्या दिवशी लॉर्नानं त्याला स्वयंपाकघरात उभं केलं आणि सगळं दाखवलं. पाणी किती, साखर किती. बाटली रात्री आत आणायची, नाहीतर गोठून फुटते. उजाडायच्या आत बाहेर टांगायची, कारण रात्रभराच्या उपासानंतर पहिला घोट वेळेवर मिळाला नाही तर पक्षी टिकत नाही. परसात त्या हिवाळ्यात एकच मादी होती, हिरव्या पाठीची, गळ्यावर कुंकवाच्या बोटाएवढा लाल ठिपका असलेली. ती बाटली तिची. दुसरा कुणी आला की ती त्याला पिटाळून लावायची.

अर्विड त्या दिवशी एकदाही हसला नाही. डॉक्टरनं झडपेचं सांगितल्यापासून त्याची जीभ जरा आखडलीच होती. त्यानं स्वतःच्या हातानं साखर मोजून दाखवली, आणि विचारलं, "आणखी काही?"

"काय आणखी?"

"असेल तर सांग. मला नीट करायचंय हे."

सांगण्यासारखं पुष्कळ होतं. हे पक्षी थंडीत कसे राहतात, कसे झोपतात, केव्हा घाबरायचं आणि केव्हा नाही. लॉर्नाच्या अगदी ओठांवर आलं होतं. पण इतक्या वर्षांच्या टोमण्यांची परतफेड करायची संधी कधी नव्हे ती समोर आली होती, आणि ती काही संत नव्हती.

"एवढं जमलं तरी पुष्कळ झालं," ती म्हणाली, आणि बॅग भरायला गेली.

इस्पितळात रोज संध्याकाळी त्याचा फोन यायचा. पहिले दोन-तीन दिवस नुसती तक्रार.

"तुझी राणी उजाडायच्या आत दारात. मी अजून विजार चढवतोय आणि ती काचेसमोर उभी राहून माझी झाडाझडती घेतेय."

"बाटली बाहेर होती का?"

"नव्हती. म्हणून तर शिव्या. अंगानं एवढीशी, पण तोंड बघ. आमच्या बोटीवरचा मुख्य इंजिनिअर बरा होता हिच्यापुढे."

मग उत्तरेचा वारा सुटला, कॅनडातल्या दरीतून येतो तो, आणि बेट गारठलं. नळ फुटले, शाळा बंद झाल्या. फोनवर अर्विडचा आवाज बदलला.

"दिवसासुद्धा गोठतेय गं बाटली. तासाभरात नुसता बर्फ. मग मी काय केलं, नाताळच्या दिव्यांची जुनी माळ माळ्यावरून काढली. जुनीच हं, ती तापते. नवे दिवे नुसते चमकतात. ती गुंडाळली बाटलीला, वरून माझा लोकरी मोजा चढवला. आता पाणी पातळ राहतंय."

"तू दिवे गुंडाळलेस? माझ्या माशांसाठी?"

"मग काय करू, गोठवू तिला?" तो चिडून म्हणाला. "आणि माशी नको म्हणूस तिला."

लॉर्नाला इतकं हसू आलं की नर्स धावत आली. त्या रात्री, ऑपरेशनच्या आदल्या रात्री, तिला झोप लागली नाही, पण भीतीनं नव्हे. घरी गेलं की ह्याला सगळं सांगायचं, असं ती ठरवत होती. अंड्याएवढं घरटं, ते बांधायला पळवलेलं कोळ्याचं जाळं, सगळं. म्हातारपणी का होईना, ऐकणारा मिळाला होता.

ऑपरेशन नीट झालं. दोन दिवसांनी तिला फोन धरता यायला लागला, आणि अर्विडच्या बातम्या पुन्हा सुरू झाल्या. आज ती माझ्या टोपीवर बसली. आज तिनं कावळ्याला हाकललं. आज माझ्याकडे बघून मान वाकडी केली, तुझी चौकशी करत असावी. लॉर्ना हे सगळं शेजारच्या खाटेवरच्या बाईला सांगायची, नर्सला सांगायची, जेवण आणणाऱ्या पोरीलाही सांगायची. छातीचे टाके ओढायचे म्हणून खोकताना उशी कवटाळावी लागे. अर्विडचा फोन आला की तीच उशी हसण्यासाठी लागायची.

घरी आली त्या दिवशी थंडी ओसरली होती. कोटसुद्धा न काढता ती खिडकीशी गेली. बाटली टांगलेली होती, दिव्यांची माळ होती, वर राखाडी मोजा होता. पक्षी नव्हता.

"आज आली नाही अजून?"

अर्विडनं तिची बॅग खाली ठेवली. "आधी बस तू."

"काय झालं?"

"ती गेली, लॉर्ना. तुझ्या ऑपरेशनच्या दुसऱ्या दिवशी. त्या रात्रीसारखी थंडी मी जन्मात पाहिली नव्हती."

लॉर्ना बसली. "आणि टोपीवर बसली ती?"

"कुणी बसलं नाही. मीच रचलं सगळं. डॉक्टर म्हणाले होते, हिचं मन आनंदात ठेवा." त्यानं दोन्ही हात पँटीवर पुसले. "थांब, तुला बघायची असेल. ठेवलीय मी."

गॅरेजमध्ये डीप फ्रीझर होता. तिकडून तो बिस्किटांचा जुना डबा घेऊन आला आणि टेबलावर ठेवून झाकण काढलं. आत लॉर्नाचाच चांगला, कडेला भरतकाम केलेला रुमाल घडी घालून अंथरला होता आणि त्यावर ती मादी होती. पंख नीट मिटलेले, अंगावर हिव साचलेलं.

"जमीन दगड झाली होती, पहार उडून यायची. आणि म्हटलं, तुझ्या हातूनच पुरू. तोवर मटाराच्या पिशव्यांवर ठेवली, सामन मासा खाली केला. तिच्यावर काही पडायला नको म्हणून."

"कुठं सापडली तुला?" लॉर्नानं विचारायचं म्हणून विचारलं.

"बाटलीलाच. पहाटे टांगून आलो, उजाडल्यावर पाहतो तर वटवाघळासारखी उलटी लटकलेली. डोळे मिटलेले. बोट लावलं तर बर्फ. हलवलं, हाक मारली, काही नाही."

लॉर्नानं डब्याकडे पाहिलं, मग अर्विडकडे, मग परत डब्याकडे.

कडाक्याच्या थंडीत हे पक्षी असेच झोपतात. एवढ्याशा जिवाला रात्रभर ऊब पुरत नाही, म्हणून तो काळीज जवळजवळ थांबवतो, श्वास लपवतो, अंग दगडासारखं गार पडू देतो. मेल्यासारखी झोप म्हणतात ती हीच. कधी कधी पहाटे बाटलीवर बसल्या बसल्याच ती झोप लागते, मग तोल जातो आणि पक्षी पायाच्या पकडीवर उलटा लोंबत राहतो. ऊन आलं, किंवा कुणी ओंजळीत धरलं, की थोड्या वेळात थरथरतो आणि उडून जातो. लॉर्नानं असे कितीतरी पक्षी ओंजळीत जागे केले होते. अर्विड तेव्हा पहाटेच्या बोटीवर असायचा.

म्हणजे ह्यानं झोपलेलं पाखरू उचललं, रुमालावर निजवलं आणि फ्रीझरचं झाकण लावलं. मायेनं लावलं.

सांगायचा प्रयत्न तिनं कधी केलाच नव्हता असं नाही. लग्नानंतरच्या एका हिवाळ्यात बोटीवरची मंडळी जेवायला आली होती आणि लॉर्नानं त्याच दिवशी पहिल्यांदा असा पक्षी ओंजळीत जागा केला होता. तिच्या आनंदाला पारावार नव्हता. "तुम्हाला खरं वाटणार नाही, थंडीत हे पक्षी झोपतात ना—" एवढं ती बोलली आणि अर्विड म्हणाला, "माझ्याहून जोरात घोरतात!" टेबल दणाणलं. लॉर्नाही हसली, सगळ्यांना बटाटे वाढले, आणि राहिलेलं वाक्य गिळलं. मग तिनं पक्ष्यांबद्दल त्याला काही सांगायचं नाही असंच ठरवलं. त्यात तिला पुढे पुढे मजाही येऊ लागली होती. हे एक माझं, ह्याला त्यातलं काही कळत नाही, कळायची लायकीही नाही. हट्ट धरायला एक संध्याकाळ पुरते, सुटायला जन्म पुरत नाही. आणि इस्पितळात निघायच्या आदल्या दिवशी, ह्याच टेबलाशी, तो माणूस विद्यार्थ्यासारखा उभा राहून विचारत होता, आणखी काही?

"माझं काही चुकलं का?" अर्विड म्हणाला. "साखर कमी झाली असेल का? मी मोजून घालत होतो."

त्याचे डोळे भरले होते. त्याच्या आईच्या वेळीसुद्धा तो दफनभूमीत विनोद करत होता.

"नाही रे," लॉर्ना म्हणाली. "म्हातारी झाली होती ती. तू माझ्यापेक्षा जास्त केलंस तिच्यासाठी."

त्याला हे कधी कळू द्यायचं नाही, हे तिनं तिथल्या तिथं ठरवलं. आपल्या हट्टाचं ओझं आपण वाहायचं, त्याच्या डोक्यावर कशाला. त्यानं कॅमेलियाच्या झुडपाच्या बुंध्याशी किटलीभर कढत पाणी ओतून माती मऊ केली आणि दोघांनी मिळून तिला पुरलं.

राणी गेली तशी बाटली मोकळी झाली, आणि आठवड्याच्या आत एक नर आला. डोकं आणि गळा असा गडद गुलाबी की ऊन पडलं की नजर ठरू नये. अर्विडनं दिव्यांची माळ परत माळ्यावर ठेवली आणि तो पुन्हा अंधारात उठू लागला. पण त्यानं नराला नाव ठेवलं नाही, त्याची नक्कल केली नाही. साखर संपली तर मुकाट्यानं जाऊन आणायचा. जी थट्टा थांबावी म्हणून लॉर्नानं एके काळी देवाला साकडं घातलं होतं, ती थांबल्यावर घर खायला उठलं.

फेब्रुवारीत वारा पुन्हा उत्तरेला फिरला. सकाळी लॉर्ना गाऊन गुंडाळून स्वयंपाकघरात आली तर कॉफीचं भांडं चुलीवर होतं आणि अर्विड परसातल्या ओट्याच्या दारात उभा होता. तोंड उतरलेलं.

"तू बाहेर बघू नकोस," तो म्हणाला. "हाही गेला."

"कसा?"

"तसाच. लटकलाय. मी काढतो."

"राहू दे तिथंच," लॉर्ना घाईनं म्हणाली. "ऊन येऊ दे. मग बघू."

"कावळे बसलेत कुंपणावर. नेतील. आणि तू दिवसभर खिडकीतून ते बघायचं? मागच्या वेळी तुझं काय झालं ते पाहिलंय मी." त्यानं बिस्किटांचा डबा उचलला. "तुझे टाके अजून ओले आहेत. बस तू."

तो बाहेर गेला. खिडकीतून तिला त्याची पाठ दिसली, बाटलीवर वाकलेली. मग तो ओट्याच्या कडेनं तसाच गॅरेजकडे वळला.

लॉर्ना टेबलाला धरून उभी होती. नराला वाचवायचं तर बोलायला हवं होतं, आणि बोललं की अर्विडला मादीचं कळणार होतं. तो काही दुधखुळा नव्हता. एक पक्षी उलटा लटकून जिवंत, तर दुसरा का नाही, हा हिशेब त्याला क्षणात जमला असता आणि मग मरेपर्यंत सुटला नसता. खोटं कशाला बोला, गप्प राहावं असंही तिच्या मनात आलं. एक पाखरू जाईल, नवऱ्याचं मन तरी शाबूत राहील. जगात पाखरं काय कमी आहेत.

गॅरेजमध्ये फ्रीझरचं झाकण उघडल्याचा आवाज आला.

"अर्विड!" तिनं छाती दाबून हाक मारली. टाक्यांतून कळ गेली. "झाकण लावू नकोस. जिवंत आहे तो. झोपलाय."

मग तो आतल्या दारातून आला, उघडा डबा दोन्ही हातांत धरून. तिनं नर उचलला, नाण्याएवढं वजन, नखं आत वळलेली, आणि गाऊनच्या आत टाक्यांच्या शेजारी उघड्या कातडीवर धरला. तो इतका गार होता की तिला शहारा आला.

दोघं टेबलाशी बसली. अर्विडनं कॉफी ओतली आणि कुणी प्यायलं नाही. कॉफीवर साय धरायच्या सुमारास लॉर्नाच्या बोटांखाली काहीतरी थरथरलं. मग थांबलं. मग पुन्हा, आणि आता थांबेना. तिनं ओंजळ बाहेर काढली. नराची छाती भराभर हलत होती, पिसं फुलली होती, एक डोळा उघडा होता. अर्विडनं खिडकी सरकवली. लॉर्नानं हात बाटलीजवळ नेला, नरानं तिच्या तळव्यावर बसूनच चोच घातली, पोटभर प्यायला आणि भुंग्यासारखा आवाज करत फरच्या झाडात गेला.

अर्विडनं खिडकी लावली. तो काचेकडेच तोंड करून उभा राहिला.

"तीही अशीच होती," तो म्हणाला. विचारलं नाही.

"हो."

"तुला त्याच दिवशी कळलं होतं."

"हो."

तो येऊन खुर्चीवर बसला. आपल्या हातांकडे बघत राहिला, इंजिनच्या तेलानं कायमचे काळवंडलेले, जाड बोटांचे हात.

"सुटत नव्हती गं ती," तो म्हणाला. "दांडीला पाय घट्ट धरलेले. मी एकेक नख सोडवलं. म्हटलं, मेल्यावरसुद्धा काय हट्ट बाई हिचा."

लॉर्नानं त्याच्या मनगटावर हात ठेवला. तुला कुठं माहीत होतं, असं म्हणायला ती निघाली होती, पण ते वाक्य तिच्या तोंडून निघण्यासारखं नव्हतं. "मी सांगायला हवं होतं," ती म्हणाली. "तू विचारलं होतंस."

"आणि सांगून काय उपयोग," अर्विड म्हणाला. तो तिच्याकडे बघत नव्हता. "मी हसलो असतो."

तिला सुटायला त्यानं आपण होऊन वाट करून दिली होती. पण खोटं बोलून तिची आता पुरेवाट झाली होती.

"नाही," लॉर्ना म्हणाली. "त्या दिवशी तू हसला नसतास."

अर्विडनं मान हलवली. मग तो उठला, बाटली आत आणली, आणि तिच्या बुडाशी धरलेला बर्फ सोडवायला गरम पाण्याच्या नळाखाली धरून उभा राहिला.